कोरी पाठ

३ जानेवारी

ट्वँग, ट्वँग, टप्. ट्वँग, ट्वँग, टप्.

सकाळी डोळे उघडले तेव्हा हा आवाज कानात होता. पिंजाऱ्याची तात. हमीदचे अब्बा ओसरीत बसून कापूस पिंजायचे, आणि मी समोरच्या ओट्यावर शाळेतल्या कविता पाठ करायचो. दोन ठोके लांब, एक आखूड. त्यावर कुठलंही वृत्त बसायचं. नाही बसलं तर मी बसवायचो. गल्लीभर कापसाचा भुगा. मी आणि हमीद, दोघांच्या भुवया पांढऱ्या. आता भुवया कापसाशिवायच पांढऱ्या आहेत.

ती तात थांबून किती वर्षं झाली. हल्ली मशीन आहे, ते नुसतं भुणभुणतं. सु.ला विचारलं, "ऐकलंस का गं काही?"

"तुमना कान दखाडी या डॉक्टरले," म्हणाली.

पन्नास वर्षं होत आली लग्नाला, बायको अजून अहिराणीतच रागावते. मी मराठीचा मास्तर होतो याचा तिच्यावर काडीचा परिणाम नाही.


४ जाने.

आवाज उगीच आला नव्हता! दहाच्या सुमारास सलीम आला. हमीदचा पुतण्या, गाद्यांचं दुकान आता तोच बघतो. चप्पल काढायच्या आधीच ओरडला, "गुरुजी, चाचा ई ऱ्हायनात!"

हमीद येतोय. अठ्ठेचाळीस वर्षांनी.

मधे एकदा येऊन गेला होता, अब्बांच्या मयतीला, दोन दिवस. मी तेव्हा शाळेच्या सहलीबरोबर होतो.

(सहल नव्हती. निदान या वहीत तरी खोटं नको. धानोऱ्याला बहिणीकडे जाऊन बसलो होतो, तो गेल्याचं कळेपर्यंत.)

आमच्या जुन्या कुस्तीच्या तालमीची खोली दुरुस्त झाली आहे. आखाड्याच्या जागी मॅट. हमीदच्या हातून उद्घाटन, १ फेब्रुवारीला. आणि मानपत्र मी लिहायचं. सलीम म्हणतो, चाचांचा निरोपच तसा आहे, "कवी लिखी. दुसरा कोन्हं माले नको." मला कवी म्हणणारा या जगात तो एकटाच उरला.

हो म्हटलं. नाही म्हणायला कारण काय सांगणार होतो?


६ जाने.

सलीमच्या मोबाइलवर ह. पाहिला. डोकं पांढरं, मान अजून तशीच, खोडासारखी. अंगात जाड पांढरा अंगरखा, कमरेला काळा पट्टा. भोवती तीसेक परदेशी पोरं-पोरी मांडी घालून, शाळेत बसावीत तशी.

आणि हा पाठीवर झोपलेला! चक्क उताणा. अंगावर एक आडदांड गडी. ह. खालून त्याचा हात धरतो, पाय कुठून तरी त्याच्या मानेभोवती येतात, आणि तो गडी मॅटवर थापा मारायला लागतो. थाप मारली की हरला. ना पंच, ना शिट्टी. हरणाऱ्यानेच सांगायचं, मी हरलो.

"त्या खेळमा पाठ टेकनी म्हंजे काही व्हत नही गुरुजी," सलीम म्हणाला. "तठून तर सुरू व्हस."

आपल्याकडे तिथे संपतं.

ब्राझीलची ही जुजुत्सू म्हणे. ह. तिथवर कसा पोचला तेही सलीमने सांगितलं. आधी सुरत, मग आखातात गाद्या-सोफ्यांच्या कारखान्यात. तिथे ब्राझीलहून आलेल्या एका उस्तादाला तालमीसाठी मॅट शिवून हवी होती. ह.ने शिवली, पसरली, आणि शिवण तपासायला म्हणून स्वतःच लोळून पाहिली. उस्ताद हसला, अंगावर आला. ह.ने त्याला धरून ठेवलं, म्हणे, दहा मिनिटं. दुसऱ्या दिवसापासून दिवसा गादी, संध्याकाळी मॅट. पुढे त्याच उस्तादाने काळा पट्टा बांधला. आज तीन देशांत त्याच्या तालमी आहेत. मजुरांची पोरं आणि शेखांची पोरं एकाच मॅटवर.

एक गोष्ट खटकली. खटकली हा शब्द नाही. प्रत्येक पोराला मॅटवर सोडताना ह. त्याच्या पाठीवर एक थाप देतो. उजवा हात, पूर्ण पंजा.

सलीमला म्हटलं, बंद कर, डोळे दुखतात.


९ जाने.

मानपत्राला हात घातला. शार्दूलविक्रीडितात सुरुवात. पैलवानाला तेच शोभतं, वाघाची चाल. "नरशार्दूल", "मल्लमुकुटमणी", "नंदनगरीचा नंदादीप". अनुप्रास चांगला पडला होता.

सु. भाजी निवडता निवडता ऐकत होती. "हमीदभाऊले नंदादीप म्हनतस? तो गादीवालाना पोऱ्या शे. आठे बसीसन चार भाकरी खाये आनि पाचवी मांगे. ते लिखा ना."

बरोबर आहे तिचं. ठेचा आणि बाजरीची भाकरी. आई म्हणायची, याची आई गेलेली, याला मोजू नका.

शाळेत मी पोरांना सांगायचो, विशेषणं वाढली की समजावं, लिहिणारा काहीतरी झाकतोय. फाडलं.


१२ जाने.

आज फिरत फिरत तालमीपर्यंत गेलो. मिरच्या वाळवायच्या पथारीवरून वाऱ्याने खकाणा येत होता, सात शिंका. सलीमची माणसं मॅट अंथरत होती, निळी. माती कुठे टाकली विचारलं. मागे ढीग आहे, म्हणाले. पाहिला. ताक, हळद, तेल घालून आम्ही फावड्याने जी माती उलथायचो, ती तांबडी माती. चिमूटभर हातात घेतली. वास गेलेला.

आमच्या तालमीच्या उस्तादांचा एक नियम होता. दुसऱ्या तालमींत नव्हता, आमच्यातच. दंगलीला जाताना आपल्या तालमीची माती पिशवीत न्यायची. मैदानात उतरण्याआधी जोडीदाराने ती पैलवानाच्या दंडांना, छातीला, मांड्यांना चोळायची. पाठीला नाही. पाठीला बोटही लावायचं नाही. "पाठ ही पंचाची पाटी आहे. ती कोरी पाठवा. त्यावर काय लिहायचं ते मैदान लिहील."

निरक्षर माणूस, पण उपमा काय!

ह.चा जोडीदार मी. पैलवान म्हणून मी किरकोळ. माझं काम पिशवी सांभाळायचं आणि माती चोळायचं.


१५ जाने.

लिहूनच टाकतो.

खापरला बाजाराच्या दिवशी दंगल. शेवटची कुस्ती चांदीच्या कड्यावर: हमीद आणि डोंगरातला दित्या. दित्या सातपुड्यातून आलेला, ऊसतोडीला जाऊन जाऊन मनगटं लोखंडाची. आम्ही दोघंही विशीतले. मी ह.च्या अंगाला माती चोळली, दंड, छाती, मांड्या. ढोल वाजायला लागले. ह. मैदानाकडे वळला. आणि मला काय झालं कुणास ठाऊक, इतका उमाळा आला, त्याच्या पाठीवर जोरात थाप मारली. "जा रे वाघा!"

तो हसला. गेला.

पाऊण तास कुस्ती. शेवटी दित्याने त्याला खाली घेतलं. ह. उताणा होत होता, पण मानेवर तोललेला. पाठ आणि जमीन यांत वीतभर उजेड. मी स्वतः पाहिला तो उजेड. आणि खालून त्याने दित्याचा हात असा अडकवला होता की दित्याचं तोंड वाकडं. तेवढ्यात लोक घुसले. रेटारेटी. पंचांनी दोघांना सोडवलं, ह.ला वळवलं, पाठ पाहिली. सूर्य बुडायला आलेला. डाव्या खांद्यामागे, खवाट्यावर, माती होती. पंचांनी बोट फिरवलं, बोट लोकांना दाखवलं, दित्याचा हात वर केला.

ती माती


१६ जाने.

काल वाक्य टाकून उठलो.

ती माती माझ्या हाताची होती. खापरची माती काळी, ही तांबडी. घामाने दोन्ही सारख्याच दिसतात, पण जवळून नाही. मी जवळ होतो.

ह. ओरडत होता, "पाठ टेकनी नही! टेकनी नही!" उस्ताद खाली मान घालून उभे. ट्रकने परत निघालो. वाटेत चहाला थांबलो तेव्हा ह.ने मला बाजूला घेतलं. "कवी, तू तर जोडेच व्हता. खरं सांग. टेकनी का?"

मी म्हणालो, "मला नीट दिसलं नाही रे."

पाच शब्द. आयुष्यात शाळा, कविसंमेलनं, भाषणं, लाखो शब्द बोललो असेन. ते पाच मोजून ठेवले आहेत.

दुसऱ्या दिवशी ह. उस्तादांशी भांडला. उस्ताद म्हणाले, पंचाचा शब्द न मानणारा माझ्या तालमीत नको. आठवड्यात तो सुरतेला गेला. स्टेशनवर मी गेलो नव्हतो.


१९ जाने.

शाळेतल्या सवयीने स्वतःला प्रश्न विचारले. "कारणे द्या."

उस्तादांची भीती वाटली: खरं. नियम मोडला, तालमीतून काढतील. लोक खवळले होते: खरं. पण वाटेतल्या चहाच्या टपरीवर कोण खवळलं होतं? तिथे फक्त आम्ही दोघं आणि कपबश्या.

उरलेलं कारण आज पहिल्यांदाच लिहितोय. तो रोज जिंकायचा. रोज. आणि मी पिशवी धरायचो. पंचांनी दित्याचा हात वर केला तेव्हा पोटात खड्डा पडला, आणि त्या खड्ड्याच्या तळाशी, अगदी तळाशी, जरासं बरं वाटलं.

तेवढ्यासाठी.


२२ जाने.

सलीमने मोबाइलवर ह.चा निरोप ऐकवला. आवाज जाड झालाय, अहिराणी मात्र जशीच्या तशी, तिकडे कोणी बिघडवायला नसेल. ऐकत ऐकत उतरवून घेतला:

"कवी, कसा शेस रे? म्हातारा व्हयना का? मानपत्रमा जड जड शब्द घालू नको, माले समजाव नहीत. एक गोट लिख. आठे पोरे माले इचारतस, उस्ताद, तुम्ही पाठ का थोपटतस? मी सांगस, मन्हा एक दोस्त व्हता. शेवटली कुस्तीले त्यानी मन्ही पाठ थोपटीसन धाडेल व्हतं. ती कुस्ती मी हारनू, गाव सुटनं, समदं गयं. ती थाप तेवढी संगे उनी. ते लिख."

सलीमचे डोळे भरले. माझेही भरले, पण त्याला वाटलं तसे नाही.

त्या थापेनेच तो हरला, हे त्याला माहीत नाही. त्याच थापेवर तो जगला.


२३ जाने.

मग सांगायचं कशाला? आज दिवसभर हेच.

त्याने परदेशात नेलेली एवढी एकच चीज. ती मी हिसकावून घेऊ? आणि कशासाठी, मला या वयात जरा हलकं वाटावं म्हणून?

आणि न सांगावं, तर १ तारखेला भरल्या सभेत मी स्वतःच्या तोंडाने वाचायचं की मी थोपटून धाडलं आणि हा "हरला". माझ्याच अक्षरात. दुसऱ्यांदा.

सु.ने विचारलं, "जेवतस का नही?" तिला सांगायला तोंड उघडलं. तिने ताट ठेवलं आणि नेमका गॅस संपला. राहिलं.


२७ जाने.

दोन कागद तयार आहेत.

एक: मानपत्र. साध्या गद्यात. गादी, मॅट, तीन देश, चार भाकऱ्या (सु.ची सूचना), आणि ती थाप, त्याने सांगितली तशी. चांगलं उतरलंय. शेवटचं वाक्य वाचताना सलीम रडला. फ्रेमवाल्याने उद्यापर्यंत मागितलं आहे. उद्या नाहीतर परवा देतो म्हटलं.

दोन: अर्धं पान. "हमीद, तुझी पाठ टेकली नव्हती." पुढे सुचत नाही. शार्दूलविक्रीडिताच्या एकोणीस अक्षरांना मी कधी घाबरलो नाही.

दुसरा कागद शब्दकोशात ठेवला. सु. तिथे कधी जात नाही.


३० जाने.

ह. मुंबईला उतरला. उद्या दुपारच्या गाडीने इकडे. सलीमने गल्लीत दिवे लावलेत. पोरं मॅटवर लोळून लोळून ती मळवतायत. मी म्हटलं, धुऊन काढा. सलीम म्हणाला, "ऱ्हावू द्या गुरुजी, चाचाले कोरी मॅट आवडत नही."

फ्रेमवाल्याचा फोन, दोनदा. "गुरुजी, कागद धाडा ना." म्हटलं, सकाळी.


३१ जाने.

सकाळी नऊ वाजता. पहिला कागद लिफाफ्यात घालून फ्रेमवाल्याकडे निघालो होतो. चप्पल घालतोय तोच फाटक वाजलं.

म्हातारा. काठी, धोतर, खांद्यावर पिशवी, पायांना घाटाची धूळ. सलीमच्या दुकानात "मानपत्र लिखनारा मास्तर कोठे ऱ्हास" असं विचारत आलेला. फाटकातच उभा राहिला, आत येईना.

"वळखं नही ना मास्तर? मी दित्या. खापरनी दंगलना."

सु.ने त्याला खुर्ची दिली, तो पायरीवर बसला. हमीद येतोय असं खापरच्या बाजारात ऐकलं, म्हणून पहाटेच्या पहिल्या बसने आला. पिशवीतून फडकं काढलं, गाठ सोडली. चांदीचं कडं. काळं पडलेलं.

"एक दिन हातमा घालं नही मी. बायकोनी कितला डाव मांगं, तिले बी दिधं नही. हाई मन्हं नही, मास्तर. मी वर व्हतू. त्यान्ही पाठ टेकनी नही. माले माहीत शे, मन्हाच हात मोडी ऱ्हायना व्हता. आखो एक पल व्हता तर मीच आरडतू."

"मग बोलला का नाहीस तेव्हा?" मी विचारलं. मी!

तो हसला. पुढचे दोन दात नाहीत. "मन्हा गावना लोके डोंगर उतरीसन उनेल व्हतात. त्यास्नी माले खांदावर लिधं. खांदावरथून कसं बोलशी तू?"

सु. चहा ठेवायला आत गेली. दित्या जरा पुढे सरकला.

"तू लिखी दे. मानपत्रमाच लिख. दित्यानी कुस्ती जिकेल नही. भरी सभामा वाची दे, मी जोडे उभा ऱ्हासू. माले लिखता येत नही, बोलता बी येत नही इतला लोकेसमोर. तू मास्तर शेस, तुले येस."

मी मान हलवली. हलवली असावी.

"आनि एक इचारू?" तो माझ्याकडे नव्हे, अंगणाकडे बघत होता. "पंचनी त्याले फिरावं तव्हय मीबी दखं. पाच बोटे व्हतात मास्तर. तांबडी माती. पडीसन माती लागस ती अशी लागत नही. कोन्हा तरी पंजा व्हता तो. इतला वरीस मी दखी ऱ्हायनू, बाजारमा, बसमा, कोन्हा हात व्हई. तू तठेच व्हता ना? तुले माहीत शे का, कोन्हा?"

मी म्हणालो, "थांब. कागद आणतो."

आत येऊन ही वही उघडून बसलोय. शब्दकोश समोरच आहे, त्यातून अर्धं पान बाहेर डोकावतंय. पहिला लिफाफा खिशात. बाहेर बशी वाजली. दित्या चहा फुंकून पितोय, ऐकू येतंय. दुपारची गाडी दोनला.

"अहो," सु. हाक मारतेय, "कागद सापडना का नही? भाऊ थांबेल शे!"

उजव्या हाताने लिहितोय. तोच हा हात.

तिसऱ्यांदा हाक. उठतो.